मळईतली विहीर

"बाई, तुमची विहीर गंगेपासून किती लांब होती?"

"कोनत्या गंगेपासून?" गयाबाईनं मलाच उलटं विचारलं. "तवाच्या का आताच्या?"

कोर्टात हशा पिकला. जज्जसाहेबांनी चष्म्यावरून माझ्याकडं पाहिलं. मी क्रॉस घेत होतो. क्रॉस म्हणजे समोरच्या साक्षीदाराची उलटतपासणी. साक्षीदार गोंधळला की वकिलाचं काम झालं. इथं मीच गोंधळलो होतो. पण प्रश्न वाया गेला नाही. तवाची गंगा कुठून वाहत होती, ते बाईंना सांगता येईना.

"मग विहीर नेमकी कुठं आहे, हे तुम्हाला माहीत नाही, असं म्हणायचं का?"

"मला तिथं न्या," ती म्हणाली. "हितं कोर्टात उभं राहून कशी दावू?"

मी खाली बसलो. केस हातात आहे असं मला वाटत होतं.

हैदराबाद संस्थान भारतात विलीन झालं, त्यानंतर दोन-तीन वर्षांतली ही गोष्ट. मी परभणीच्या कोर्टात सरकारी वकील होतो. कायदा शिकलो होतो उर्दूत, वकिली करत होतो मराठीत, आणि नवे हुकूम यायचे इंग्रजीत. कारकुनांची तारांबळ उडायची, आमचीही उडायची. त्यातच जमिनींचे दावे पावसाळ्यातल्या गवतासारखे उगवले होते. राजवट बदलली की लोकांना जुनी दुखणी आठवतात. जी जमीन मागायची पूर्वी छाती नव्हती, ती लोक आता मागू लागले होते. कुठं जहागिरीची, कुठं गायरानाची, कुठं नदीकाठची. प्रत्येक दाव्यात प्रश्न एकच. जमीन कुणाची, खासगी मालकाची की सरकारची? आणि दरवेळी सरकारच्या बाजूनं उभा राहणारा मी.

हा दावा सोनपेठच्या पलीकडं, गोदावरीच्या काठावरच्या थडी निमगावचा होता. आमच्याकडं गोदावरीला गंगाच म्हणतात. गयाबाई लग्न होऊन त्या गावी आली, तेव्हा तिच्या सासऱ्याचं काठावर चांगलं काळंभोर वावर होतं. वावरात मोटेची बांधीव विहीर होती. पुढं एका पावसाळ्यात मोठा पूर आला आणि गंगेनं काठ कापला. वावर गेलं, विहीरही गेली. सासऱ्यानं तहसीलमध्ये जाऊन सांगितलं की जमीन पाण्यात गेली. त्या जमिनीचा शेतसारा, ज्याला आमच्याकडं धारा म्हणत, तो बंद झाला. बरीच वर्षं तिथून गंगेची धार वाहत राहिली. मग नदी हळूहळू पलीकडच्या काठाला सरकली आणि जाताना मागं गाळ टाकून गेली. अशा गाळाच्या जमिनीला मळई म्हणतात. मळई नदीच्या पात्रातली, म्हणून सरकारची. दरसाल तहसील तिची हर्राजी करी, म्हणजे लिलाव. जो बोली घेईल त्यानं एक हंगाम पिकवायची.

निजामाच्या दिवसांत ती मळई तहसीलच्या मर्जीतल्या माणसाला जायची. तिच्याकडं बोट दाखवायची कुणाची हिंमत नव्हती. विलीनीकरण झालं आणि दोन गोष्टी एकदम घडल्या. गयाबाईचा मुलगा नामदेव तहसीलमध्ये जाऊन म्हणाला, "ही मळई न्हाई, आमचं वावर हाय." आणि त्याच साली गावातल्या लिंबाजी भोयाला पहिल्यांदा हर्राजीत बोली बोलता आली. भोई लोक नाव चालवणारे, मासे धरणारे. उन्हाळ्यात वाळूत खरबुजं, काकड्या लावायची त्यांची पिढ्यान्‌पिढ्यांची रीत. पण ती दुसऱ्याच्या नावावर, दुसऱ्याची मजुरी म्हणून. आता लिंबाजीच्या स्वतःच्या नावावर मळई होती.

नामदेवचा अर्ज तहसीलनं फेटाळला. त्यानं आईच्या नावानं सरकारवर दावा लावला.

आमच्या बाजूनं मुद्दे दोन होते. एक, ही तीच जागा कशावरून? पूर येऊन गेला, खुणा गेल्या. पात्रातला गाळ कुणीही उठून माझं वावर म्हणेल. दुसरा, असली तरी धारा भरणं बंद केलं म्हणजे तुम्ही जमीन सोडली. सोडलेली जमीन सरकारची. दावा फार उशिरा लावला, हा मुदतीचा तिसरा मुद्दा मी काढून पाहिला होता, तो जज्जसाहेबांनी सुरुवातीलाच बाजूला ठेवला.

गयाबाईच्या जबानीत कामाचं एकच निघालं. विहिरीच्या थारोळ्यात, म्हणजे मोटेचं पाणी जिथं पडतं त्या हौदात, एक तेलाच्या घाण्याचा फुटका दगड बसवलेला होता. तिच्या सासऱ्यानं तो कुठून तरी आणला होता. ती त्यावर धुणं धूत असे. हे तिनं मी न विचारता सांगितलं. मी ते फारसं मनावर घेतलं नाही. विहीरच सापडत नाही, तिथं थारोळ्यातल्या दगडाचं काय घेऊन बसायचं?

पुढच्या पेशीला आमचे साक्षीदार होते. पेशी म्हणजे तारीख. त्यांतला मुख्य लिंबाजी. आदल्या दिवशी दुपारी तो माझ्या ऑफिसात आला. उंच, काटक, पन्नाशीकडं झुकलेला माणूस. खुर्ची दिली तरी बसला नाही, दाराशी टेकून उभा राहिला.

"हे बघ लिंबाजी," मी म्हणालो. "तुला एवढंच विचारतील. तू किती वर्षं तिथं नाव चालवतोस, आणि तिथून गंगा वाहताना पाहिली का. जे पाहिलंस ते सांगायचं."

"सांगतो की. मपल्या बापानंबी तिथनंच नाव घातली. पात्रच हाय ते."

"बस. तेवढंच."

तो जायला वळला आणि थांबला.

"साहेब, एक इचारू का?"

"विचार."

"तिथं हीर हाय का असं कुनी इचारलं, तर काय सांगू?"

मी हातातला टाक खाली ठेवला. "आहे का?"

"हाय की."

"तुला काय माहीत?"

"पावसाळ्यात मळईवर पानी चढतंय. तवा त्यावरनं नाव न्यावं लागती. वेळू टेकवला की सगळीकडं गाळात घुसतो. एका जागी तेवढा खट्ट वाजतो. गोल फिरवला की गोलच वाजतो. बांधकाम हाय ते. दुसरं काय असनार?"

"हे आजवर कुणाला सांगितलंस?"

"कुनी इचारलंच न्हाई."

"लिंबाजी, तू हे कोर्टात सांगितलंस तर ती मळई तुझ्या हातून जाईल. कळतंय का?"

"म्हनून तर तुमाला आधी इचारायलोय," तो म्हणाला.

साक्षीदाराला खोटं बोल असं कोणताही वकील सांगत नाही. पण "विचारलं नाही तर बोलू नकोस" असं सांगणारे पुष्कळ. ते बेकायदा नाही. मी त्याला म्हणालो, "उद्या ये. तोवर मी साहेबांशी बोलतो."

तहसीलदार परभणीत मीटिंगला आले होते. वऱ्हाडातून आमच्याकडं नव्यानं आलेले, कामाला चोख, हिशेबी गृहस्थ. त्यांनी ऐकून घेतलं आणि लगेच म्हणाले, "त्याला बोलवूच नका. दुसरा साक्षीदार घ्या."

"आणि विहीर?"

"तुम्ही सरकारचे वकील की त्या बाईचे? अहो, त्या काठावर गाळात गेलेली वावरं हिची एकटीची आहेत का? ही जिंकली की उद्या रांग लागेल. सगळी मळई जाईल. आणि ज्या भोयांना आत्ता कुठं चार वेल लावायला मिळालेत, ते पुन्हा दुसऱ्याच्या दारात उभे राहतील. त्याचा विचार करा."

त्यांचं म्हणणं चूक नव्हतं, म्हणूनच ते जड गेलं. समोर एखादा लबाड धनदांडगा असता तर माझं काम सोपं होतं. इथं एका बाजूला म्हातारी, दुसऱ्या बाजूला नावाडी, आणि मध्ये सरकार. लिंबाजीला गप्प ठेवलं तर त्याचंच भलं होणार होतं.

मी कलेक्टरसाहेबांकडं गेलो. त्यांना लोक अजून जुन्या सवयीनं तालुकदार म्हणत. ते फाइलवर सह्या करत होते. मी सगळं सांगितलं. सह्या थांबल्या नाहीत.

"विहीर खरंच निघेल?"

"भोई खोटं बोलत नसावा, साहेब. त्याचंच नुकसान आहे."

"निघाली तर केस हरलो?"

"पहिला मुद्दा हरलो. दुसरा राहतो. धारा बंद झाल्याचा."

"आणि लपवली, आणि अपिलात निघाली तर?"

"तर या केसचं जाऊ द्या. पुढच्या प्रत्येक केसमध्ये जज्ज आपल्याला विचारतील, आणखी काय लपवलंय?"

त्यांनी शेवटची सही केली. "वकीलसाहेब, सरकारला जमीन हवी असली तर ती संपादन करता येते. नुकसानभरपाई देता येते. चोरावी लागत नाही. कोर्टानं जागेवर येऊन पाहावं, असा अर्ज आपणच द्या. तहसीलदारांशी मी बोलतो."

"आणि भोई?"

"त्याचं कोर्टात काही होणार नाही," ते म्हणाले. "ते पुढं बघू."

आम्ही अर्ज दिला. समोरच्या बाजूचे पाठक वकील तरुण होते. सरकारच जागेची पाहणी मागतंय म्हटल्यावर त्यांना त्यात डाव दिसला. त्यांनी विरोध करण्याच्या आधीच जज्जसाहेबांनी मंजुरी दिली.

फाल्गुन सरत आला होता. गंगाखेडपर्यंत आम्ही आगगाडीनं गेलो, पुढं बैलगाड्या. सोबत जज्जसाहेब, त्यांचे कागद सांभाळणारा पेशकार, तहसीलदार, पाठक आणि मी. जज्जसाहेब जुन्या हैदराबादी वळणाचे, वयस्क, शेरवानी घालणारे. मराठी त्यांना नीट समजायची, बोलायचे मात्र दखनी. थडी निमगावच्या काठावर उतरलो तेव्हा ऊन चढलं होतं. खाली मळई हिरवीगार पसरलेली. वाळूत वेल दाटले होते आणि पानांच्या आड खरबुजं पिकायला लागली होती. हवेत तो गोड वास. एका बाजूला लिंबाजीची खोप. त्याची बायको सुभद्रा दोन खरबुजं कापून केळीच्या पानावर घेऊन आली.

जज्जसाहेब हसले. "नहीं बाई. गवाह का खरबूजा नहीं खाते. फैसला होने दो."

पाहता पाहता सगळं गाव काठावर जमलं. पटवारी नकाशा आणि साखळी घेऊन तयार होता. नकाशावर गयाबाईच्या सासऱ्याचा सर्व्हे नंबर होता, विहीरही दाखवलेली होती. पण मोजायला सुरुवात जिथून करायची, ते हद्दीचे दगडच गंगेनं नेले होते. वरच्या काठावरच्या एका दगडावरून त्यानं साखळी टाकली, पण तो दगड मूळ जागी आहे की नंतर कुणी हलवला, यावर गावातल्याच दोन म्हाताऱ्यांत वाद लागला. जज्जसाहेब म्हणाले, "बाई को पूछो."

गयाबाई नामदेवच्या हाताला धरून मळईत उतरली. काठावर एक मोठी चिंच होती. तिच्याकडं पाठ करून ती सरळ चालत गेली. चालता चालता वेलांवर पाय पडू नये म्हणून पाय उचलून टाकत होती. एका जागी थांबली.

"हितं."

तहसीलनं आणलेल्या मजुरांनी खणायला सुरुवात केली. वाळू निघाली, मग गाळ, मग पुन्हा वाळू. खड्डा माणूसभर झाला. तळाशी पाणी पाझरायला लागलं. दगड एकही नाही. नामदेवची मान खाली गेली. पाठक वकील म्हणाले, "थोडं अजून डावीकडं," आणि मजुरांनी डावीकडंही खणलं. काही नाही.

गयाबाई वाळूतच बसली. चिंचेकडं बघत म्हणाली, "चिंच दुसरीच हाय वाटतं. ती जुनी म्होरं व्हती. मपल्या डोळ्यांना दिसंना बाबा आता."

तहसीलदारांनी घाम पुसला. त्यांना मोकळं वाटलं असावं. जज्जसाहेबांनी पेशकाराला टिपण घ्यायला सांगितलं आणि माझ्याकडं वळले. "वकील साहब, सरकार की तरफ से कुछ कहना है?"

नाही म्हटलं असतं तर इन्स्पेक्शन तिथंच संपलं असतं. मी तहसीलदारांकडं पाहिलं नाही. "सरकारतर्फे एक साक्षीदार हजर आहे, साहेब," मी म्हणालो. "त्याला एक प्रश्न विचारायचा आहे."

लिंबाजी खोपीपाशी उभा होता. मी त्याला हाक मारली.

"लिंबाजी, या भागात नाव चालवताना तुझ्या वेळूला कुठं दगड लागतो का?"

त्यानं सुभद्राकडं पाहिलं. तिला सगळं आधीच कळलं होतं हे तिच्या तोंडावरून दिसत होतं. ती दबक्या आवाजात म्हणाली, "अवो, लेकरांचं बगा जरा." एवढंच. नाही म्हणाली नाही आणि हो पण म्हणाली नाही.

लिंबाजी काठाच्या बाजूला नाही, धारेच्या बाजूला चालत गेला. पार आपल्या वेलांच्या ऐन मध्यात. तिथं वाकला. वेलाची टोकं हातानं उचलून एका बाजूला सारली. फळं धक्का न लावता उचलून वाळूत ठेवली. एक, मग दुसरं, मग तिसरं. जागा मोकळी झाल्यावर त्यानं पायाच्या टाचेनं रेघ मारली.

"हितं खांदा. जपून, कुदळ बसंल."

पहिल्या काही घावांतच कुदळ खण्ण वाजली.

पुढं सगळ्यांनीच हात लावला. नामदेव स्वतः खड्ड्यात उतरला. काळ्या दगडांचं वाटोळं कडं उघडं पडलं, आत गाळ ठासून भरलेला. विहीर होती यात शंका उरली नाही. पण विहीर कुणाची, हा प्रश्न अजून होता, आणि सरकारी वकील म्हणून तो मी विचारलाच. नदीकाठी विहिरी काय एक असतात?

"थारोळं ढूंढो," जज्जसाहेब म्हणाले.

कड्याच्या वरच्या अंगाला खणल्यावर चुन्यात बसवलेली फरशी लागली. तिचा एक कोपरा तुटलेला. आणि त्या फरशीत, बाकीच्या दगडांशी काही मेळ नसलेला, मध्ये खोल वाटीसारखा खड्डा असलेला एक जाड दगड. घाण्याचा. अर्धा फुटलेला.

गयाबाईला खाली घेतलं. तिनं त्या वाटीतला गाळ बोटांनी काढला. बराच वेळ काढत राहिली, जणू धुणं धुवायला जागा करत होती. मग म्हणाली, "हाच. हितं मपला पाय घसरला व्हता. नामदेव पोटात व्हता तवा. सासूनं लय शिव्या दिल्या."

एवढंच बोलली. रडली वगैरे नाही. वर येताना तिनं लिंबाजीकडं पाहून हात जोडले. लिंबाजीनं तोंड फिरवलं आणि बाजूला ठेवलेली फळं सुभद्राच्या पाटीत भरू लागला.

परतीला तहसीलदार माझी गाडी सोडून दुसऱ्या गाडीत बसले. त्यांचा राग मला समजत होता.

उरला दुसरा मुद्दा. तो मी मनापासून लढलो. काही लोकांना वाटतं, सत्य बाहेर आलं की वकिलानं हात झटकावेत. तसं नसतं. कायद्याचा प्रश्न कोर्टानं दोन्ही बाजू ऐकूनच ठरवायचा असतो. मी म्हणालो, जमीन हीच, मान्य. पण एवढी वर्षं धारा भरला नाही. सरकारनं जमीन आपली समजून हर्राजी केली, कुणी हरकत घेतली नाही. याचा अर्थ मालकी सोडली.

पाठक उभे राहिले. "साहेब, पाण्यावर धारा कोण भरतं?"

जज्जसाहेबांनी मला विचारलं, "वकील साहब, राजीनामा है?"

वाचकांना राजीनामा म्हटलं की नोकरी सोडणं आठवेल. जमिनीच्या कायद्यात मात्र, शेतकऱ्यानं तहसीलमध्ये लिहून द्यायचं की ही जमीन मी सोडली, त्याला राजीनामा म्हणतात.

"नाही, साहेब."

"किसी ने कभी देखा?"

"नाही, साहेब. तहसीलच्या दप्तरात तसा काही नाही."

"तो फिर छोडा किस ने?"

जमीन पाण्यात गेली म्हणून धारा माफ होणं वेगळं आणि मालकानं जमीन सोडणं वेगळं. पहिलं नदी करते, दुसरं माणूस करतो. वरच्या कोर्टांचं जुनं तत्त्वही असंच होतं. जमीन नदीनं नेली आणि त्याच जागी परत दिली, आणि जागा ओळखू आली, तर ती मूळ मालकाचीच.

फैसला तसाच झाला. विहिरीवरून मोजून जेवढा सर्व्हे नंबर नकाशाप्रमाणे भरतो, तेवढा गयाबाईचा. त्याच्या पलीकडची मळई सरकारची. शेवटी जज्जसाहेबांनी एक ओळ घातली होती. उभं पीक लिंबाजी भोई याचं असून ते निघेपर्यंत त्याला कुणी हात लावू नये.

निकालानंतर नामदेव लिंबाजीकडं गेला. आईनंच पाठवलं होतं. म्हणाला, "वाळूचा पट्टा तूच लाव. निम्म्या वाट्यानं."

लिंबाजीनं नकार दिला. ही हकीकत त्यानंच मला सांगितली, परभणीला मुद्दाम येऊन. मला आश्चर्य वाटलं.

"का रे? चांगलं सांगत होते की."

"चांगलंच सांगायलेत. मानसं वाईट न्हाईत. पर साहेब, सरकारच्या मळईत मी बोली बोलून उभा राहतो. त्येच्या वावरात उभा राहिलो तर त्येचा गडी झालो. आज वाटा निम्मा, उद्या त्येचं लेकरू म्हनंल चल मोट हान."

"मग काय करणार?"

"पल्याड मळईतलीच खडकाळ जागा हाय, सरकारची. ती लावीन. पर तिच्यावर आता सोनपेठच्या व्यापाऱ्याचा डोळा हाय. त्येच्या बोलीपुढं मपली बोली कुठं टिकती? तुमी काय कराल का?"

सरकारी वकिलानं असल्या कामात पडायचं नसतं. तरी मी त्याचा अर्ज लिहिला आणि स्वतः कलेक्टरसाहेबांपुढं ठेवला. "ते पुढं बघू" असं ते म्हणाले होते, त्याची आठवण मी करून दिली नाही. त्यांनाच होती. थडी निमगावच्या मळईची हर्राजी आधी गावातल्या नाव चालवणाऱ्या भोयांपुरती करावी, त्यांनी नको म्हटलं तरच बाहेरच्यांना बोलवावं, असा हुकूम त्यांनी काढला. आणि तो नीट अमलात आणला तो त्या तहसीलदारांनी. व्यापाऱ्याची माणसं दोनदा येऊन बसली, त्यांनी दोन्ही वेळा परत पाठवलं. नंतर केव्हा तरी भेटले तेव्हा म्हणाले, "रांग लागेल म्हणालो होतो ना? लागली." खरंच लागली होती. काहींना जागा दाखवता आली, त्यांची वावरं सुटली. बऱ्याच जणांना नाही आली. त्यांच्या विरुद्ध मीच उभा राहिलो आणि जिंकलो. ते जिंकताना फार गोड वाटलं असं नाही.

खडकाळ जागेत लिंबाजीची खरबुजं बारीक यायची. पण बोलीवर नाव त्याचं असायचं.

मराठवाडा मुंबई राज्यात गेल्यावर एका पावसाळ्याच्या अखेरीला नामदेव माझ्या घरी आला. गयाबाई तोवर वारली होती. मी अजून सरकारी वकीलच होतो.

"साहेब, यंदा गंगेनं पुन्हा काठ कापला. निम्मं वावर गेलं."

"अरे अरे. विहीर?"

"हीरबी गेली. घाण्याचा दगड तेवढा म्या आधी काढून घरी आनला व्हता."

"तो कशाला काढलास? तीच तर खूण होती."

तो ओशाळून हसला. "आईनं सांगितलं व्हतं म्हनून."

"बरं, मग माझ्याकडं कशाला आलास? मी सरकारचा वकील. तू पाठकसाहेबांकडं जा."

"तुमच्याकडंच आलो. सरकार उद्या काय म्हननार, ते आजच इचारून घ्यावं म्हनलं."

मी त्याला बसवलं, चहा दिला आणि सांगितलं. तहसीलमध्ये जा. जमीन पाण्यात गेली, म्हणून धारा माफ करा, एवढंच म्हण. जमीन सोडली, असा शब्द तोंडातून काढू नकोस, आणि कुणी कागद पुढं केला तर वाचल्याशिवाय अंगठा करू नकोस. आणि काठावरच्या पक्क्या खुणांपासून जागा आत्ताच मोजून ठेव. चिंचेच्या भरवशावर राहू नकोस.

नदी जमीन नेते, ती कधी ना कधी परत देते. माणसानं सही करून दिली, तर मात्र कोर्टालाही फार काही करता येत नाही.